बोंडूचा डाग निघेल, तांबड्या मातीचा नाही

पांढऱ्या सुती शर्टावर काजूच्या बोंडूचा रस आणि तांबडी माती, असे दोन्ही डाग पडलेत आणि मेडिकलमधलं हायड्रोजन पेरॉक्साइड लावू का, असं तुम्ही विचारलंय. बोंडूच्या डागावर खुशाल लावा. मातीच्या डागावर नको. एक शर्ट घालवून हे सांगतेय.

आमचं घर गोव्यात, डिचोलीकडे. पावसात कपडे पडवीतल्या लोखंडी तारेवरच वाळत घालायचे. एकदा ह्यांच्या पांढऱ्या शर्टावर पाठीवर गंजाची आडवी रेघ उमटली. मी तो रात्रभर पेरॉक्साइडमध्ये भिजत टाकला. सकाळी पिळायला घेतला तर बरोबर त्या रेघेवर टरकला, बोट आरपार! लोखंड असलं की पेरॉक्साइड भलतंच झपाट्यानं फुटतं आणि सुताचे धागेही खातं. आपल्या मातीचा तांबडा रंगही लोखंडाचाच, मुळात गंजलेल्या. त्याला पेरॉक्साइडमधला आणखी ऑक्सिजन देऊन तो थोडाच जाणार?

बोंडूच्या रसाचं तसं नाही. त्यातल्या टॅनिन या तुरट द्रव्यामुळे तो वाळता वाळता तपकिरी होतो, आणि तो रंग ऑक्सिजननं तुटतो. आधी शर्ट नुसत्या गार पाण्यात खळबळा. साबणाची वडी घासू नका, डाग काळपटतो. इस्त्री तर मुळीच नको. बाटलीवर २० व्हॉल्यूम लिहिलेलं असेल तर ते साधारण ६ टक्के. तेवढंच पाणी मिसळून कापसानं डागावर टिपा. अर्ध्या तासानं धुवा, उरलाच तर पुन्हा लावा. रक्तावर येतो तसा फसफसून फेस इथे येणार नाही, म्हणून बाटली फुकट गेली असं समजू नका. हातमोजे घाला, नाहीतर बोटांची टोकं पांढरी पडून चुरचुरतात. यात ब्लीच किंवा व्हिनेगर मिसळायचं नाही. रंगीत कपडा असेल तर आतल्या शिवणीवर आधी थेंबभर लावून बघा. रेशमाला मी हे लावतच नाही.

मातीचा डाग मात्र ओला असताना चोळू नका. कडक वाळू दे, ब्रशनं झाडा, मग साबण. पिवळट छटा राहिली तर पेरॉक्साइड पूर्ण धुऊन गेल्यावर त्यावर लिंबू-मीठ लावून तासभर उन्हात ठेवा. जुना डाग फिका होईल, पण साफ जाईल असं नाही.

आणि तुमच्याकडेही लोखंडी तार असेल तर ती आधी काढा. आम्ही नायलॉनची दोरी बांधलीय.