दख्खनच्या काळ्या पाषाणात जीवाश्म कसे काय सापडतात? तो तर लाव्हा आहे ना?

ते लाव्हात नव्हे, दोन लाव्हाप्रवाहांच्या मध्ये साचलेल्या गाळात सापडतात. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वीचे हे उद्रेक सलग चालू नव्हते. एक प्रवाह थंड झाला की त्यावरच्या खोलगट जागी तळी तयार होत, काठी झाडं वाढत, तळाशी चिखल, शंख आणि पानं साचत. मग पुढचा प्रवाह येऊन हे सगळं झाकून टाकी. या गाळथरांना भूशास्त्रात इंटरट्रॅपियन थर म्हणतात. अनेक ठिकाणी सिलिकायुक्त पाण्यामुळे तो गाळ चर्ट, म्हणजे सिलिकाचा कठीण दगड झाला, आणि खरी कमाल इथेच आहे: त्याची पातळ चकती सूक्ष्मदर्शकाखाली धरली तर खोडाच्या पेशीसुद्धा ओळखता येतात! छिंदवाडा जिल्ह्यातलं मोहगाव कलां अशा वनस्पतींसाठी प्रसिद्ध आहे. नागपूरजवळच्या टाकळीतले जीवाश्म मिशनरी आणि भूशास्त्रज्ञ स्टीफन हिस्लॉप यांनी एकोणिसाव्या शतकातच गोळा केले होते; मुंबईत वरळीला तर बेडकांचे सांगाडे मिळाले.

मात्र घाटात हे शोधत फिरलात तर बहुधा निराशा होईल. असे गाळथर मुख्यतः दख्खनच्या कडेकडेच्या भागात आहेत. सह्याद्रीच्या कड्यांत दिसणारे तांबडे पट्टे बहुतांशी प्रवाहांच्या मधल्या काळात झिजलेल्या बेसाल्टचे किंवा राखेचे असतात, त्यांत सहसा जीवाश्म नसतात. आणि चंद्रपूरकडच्या पिसदुऱ्याची डायनासोरची हाडं लाव्हाच्या खालच्या, त्याहून जुन्या लमेटा थरांतली आहेत.