डीएलएल सापडत नाही, फॉरमॅट मारू का?

प्रश्न : माझं टायपिंग आणि लग्नपत्रिकांचं छोटं दुकान आहे. कॉम्प्युटर स्लो झाला म्हणून भाच्याने ‘नको असलेले’ प्रोग्रॅम काढून टाकले. तेव्हापासून पत्रिकेचं सॉफ्टवेअर उघडत नाही. ‘एमएसव्हीसीपी१४०.डीएलएल सापडली नाही’ असं येतं. भाच्याने त्या नावाची फाइल नेटवरून उतरवून सिस्टिम३२ फोल्डरमध्ये टाकली, तर आता शेवटी ‘७बी’ असलेला वेगळाच एरर येतो. शेजारचे म्हणतात फॉरमॅट मारा. काय करू?
– एक वाचक, बार्शी

उत्तर : ताई, फॉरमॅट अजिबात मारू नका. भाचेबुवांनी काय काढलं असेल, ते मी इथे बसून सांगतो. प्रोग्रॅमच्या यादीत ‘मायक्रोसॉफ्ट व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबल’ हे एकच नाव २००८, २०१०, २०१२ असे आकडे लावून पाच-सात वेळा दिसतं. कचरा वाटतो, म्हणून लोक हमखास उडवतात.

गावात लग्नाची मोठी पातेली देवळात ठेवलेली असतात, ज्याच्या घरी कार्य तो नेतो. डीएलएल तशाच. अनेक प्रोग्रॅमना लागणारा कोड एका सामायिक फाइलीत असतो. तुमची फाइल सी++ भाषेत लिहिलेल्या प्रोग्रॅमना लागते, आणि ‘रीडिस्ट्रिब्युटेबल’च्या कुठल्या संचातली ते नावातल्या आकड्यावरून कळतं. १०० म्हणजे २०१०चा संच, ११० म्हणजे २०१२चा, १२० म्हणजे २०१३चा. १४० मात्र २०१५ आणि त्यापुढच्या सगळ्यांना मिळून एकच. जुना संच नव्याचं काम करत नाही आणि नवा जुन्याचं करत नाही, म्हणून ती यादी एवढी लांब.

आता ‘७बी’. विंडोज आणि प्रोग्रॅम ३२ बिट आणि ६४ बिट अशा दोन प्रकारचे असतात. ६४ बिटच्या विंडोजमध्ये सिस्टिम३२ फोल्डरात ६४ बिटच्या फाइली असतात आणि ३२ बिटच्या ‘सिसवाऊ६४’मध्ये. नावं उलटी वाटतात, पण आहे ते असं आहे. भाच्याने उतरवलेली फाइल बहुधा ३२ बिटची होती, ती ६४च्या घरात जाऊन बसली, म्हणून हा एरर. शिवाय सुट्या डीएलएल वाटणाऱ्या साइटवरच्या फाइलीत काय भरलंय, कोण सांगणार? ती आधी डिलीट करा आणि अँटिव्हायरसचा पूर्ण स्कॅन लावा. मग थेट मायक्रोसॉफ्टच्या साइटवरून २०१५पासून पुढचा, म्हणजे १४०वाला, सर्वांत नवा संच घ्या. फुकट आहे. एक्स८६ (३२ बिटची) आणि एक्स६४ (६४ बिटची) अशा दोन फाइली मिळतील. मशीन ६४ बिटचं असलं तरी दोन्ही टाका, कारण आपल्याकडची बरीच पत्रिकेची सॉफ्टवेअरं अजून ३२ बिटचीच आहेत. नंतर रीस्टार्ट. यूट्यूबवर कोणी ‘रेगएसव्हीआर३२’ची कमांड मारायला सांगेल. ती वेगळ्या जातीच्या डीएलएलसाठी असते, या फाइलीला तिचा उपयोग नाही.

मग प्रत्येक सॉफ्टवेअरवाला आपली डीएलएल आपल्याच फोल्डरात का ठेवत नाही? पुष्कळ जण ठेवतात, आणि विंडोजही आधी प्रोग्रॅमच्याच फोल्डरात शोधते. नव्वदच्या दशकात एकाचा इन्स्टॉलर सामायिक फाइलीवर जुनी आवृत्ती चढवायचा आणि दुसऱ्याचं सॉफ्टवेअर बंद पडायचं. ‘डीएलएल हेल’ हे नाव तेव्हाचं. विंडोज २०००पासून सिस्टिमच्या फाइलींना संरक्षण आलं. पण ज्याची त्याची वेगळी प्रत हाही इलाज मला पुरता पटत नाही. २००४मध्ये चित्रं दाखवणाऱ्या जीडीआयप्लस.डीएलएलमध्ये भोक सापडलं. मुद्दाम बिघडवलेला जेपेग फोटो उघडला की परका कोड चालू शकत होता. मायक्रोसॉफ्टने विंडोजमधली फाइल दुरुस्त केली, पण दुसऱ्या कंपन्यांनी आपापल्या फोल्डरात ठेवलेल्या प्रती तशाच राहिल्या. त्या ज्याने त्याने शोधून बदलायच्या.

एवढं करूनही पत्रिका उघडली नाही, तर ते सॉफ्टवेअर काढून पुन्हा टाका. मात्र काढण्याआधी त्याची की (लायसन्सचा नंबर) किंवा डोंगल (सॉफ्टवेअर चालायला यूएसबीत लावावं लागणारं कुलूप) हाताशी आहे का ते बघा, आणि तयार पत्रिकांच्या फाइली पेनड्राइव्हवर घ्या. काही सॉफ्टवेअरं ग्राहकांच्या फाइली आपल्याच फोल्डरात ठेवतात.