पत्रात आई कुठे आहे?

(वडोद्याच्या एका वडिलांचं पत्र, थोडक्यात: मुलगी बारावी सायन्स, ‘बी’ ग्रुप (जीवशास्त्राचा). दहावीला ९४ टक्के, आता सहामाहीत ६१. भाद्रपदात आजी गेली. तेव्हापासून मुलगी एका वहीत काहीबाही लिहिते. तिने ‘दुखार’ नावाचा एक धंदा कल्पिला आहे: कुणाच्या जाण्याचं दुःख घेऊन त्यातून वस्तू घडवून देणारा कारागीर. ‘नीट’ (मेडिकलची प्रवेश परीक्षा) द्यायची नाही, ‘हेच’ करायचं म्हणते. याला स्कोप आहे का? नसेल तर तिची समजूत कशी घालावी?)

नमस्कार.

तुमचं चार पानी पत्र दोनदा वाचलं. दुसऱ्यांदा हातात पेन्सिल होती. ‘टक्के’ हा शब्द चौदा वेळा आला आहे, ‘आई’ एकदाही नाही. ‘घरातील ज्येष्ठ व्यक्तीच्या निधनामुळे अभ्यासात खंड पडला’ असं लिहिलंय तुम्ही, जणू शाळेला रजेचा अर्ज देताय. ती ज्येष्ठ व्यक्ती तुमची आई होती ना?

आणि तिसऱ्या पानावरचा मजकूर, जो तुम्ही बहुधा अभिमानाने सांगितलात. तेरावं आटोपल्यावर आठवड्याच्या आत आजीची खोली मोकळी केली, लुगडी कामाच्या बाईंना देऊन टाकली, पलंग काढला आणि तिथे मुलीसाठी स्टडी टेबल नि एसी बसवला. ‘आता स्वतंत्र खोली आहे, तरी तिचं लक्ष लागत नाही.’ अहो, कसं लागेल? तुम्ही दोघं नोकरीवर, पोर शाळेतून यायची ती आजीजवळ. जिथे तिच्या कुशीत झोपली, त्याच जागी बसून तिने आता ऑरगॅनिकच्या रिअ‍ॅक्शन पाठ करायच्या! मला गुणांची काळजी नाही. ६१ चे ८० होतात, दरवर्षी पाहते. काळजी वाटते ती त्या टेबलाची.

वहीच्या दोन पानांचे फोटो तुम्ही पुरावा म्हणून पाठवलेत. (तिला विचारून काढलेत का? नसतील तर आधी तिला सांगा.) सोनार, लोहार, कुंभार, तसा दुखार. लोक त्याच्याकडे गेलेल्या माणसाचा चष्मा, तपकिरीची डबी, अडकित्ता घेऊन येतात. तो ‘कशाने गेले?’ असं विचारत नाही. ‘दिवसभर त्यांचे हात काय करायचे?’ एवढंच विचारतो. सतरा वर्षांच्या मुलीने अशी ओळ लिहावी, आणि बापाने तिच्याखाली लाल शाईने ‘टाइमपास’ असा शेरा मारावा. असो.

तुम्हाला वाटतं तितकं हे हवेतलं नाही. सौराष्ट्र-कच्छात गावाच्या वेशीवर पाळिये, म्हणजे आपल्याकडच्या वीरगळांसारखे स्मारकाचे दगड, उभे असतात, वर चंद्रसूर्य, खाली घोड्यावरचा वीर. ते कुणा पाथरवटानेच घडवले. अमेरिकेत एड्सने गेलेल्यांच्या आप्तांनी प्रत्येकाच्या नावाचं कापड शिवलं आणि सगळी जोडून एक प्रचंड गोधडी केली. एकेक कापड तीन फूट बाय सहा फूट, कबरीएवढं. १९८७ मध्ये वॉशिंग्टनला ती पहिल्यांदा पसरली, तेव्हा अशी १,९२० कापडं होती. आणि आपल्या बडोद्याचं कीर्तिमंदिर तरी काय आहे? सयाजीरावांनी घराण्यातल्या गेलेल्या माणसांसाठी बांधलेली वास्तू. आतल्या भिंती चित्रकार नंदलाल बोसांनी १९३९ ते १९४६ या काळात येऊन-जाऊन रंगवल्या. दांडिया बाजारात राहता, तिला घेऊन कधी गेलात?

एक गैरसमज मात्र तुम्हा बापलेकींचा सारखाच आहे. तुम्ही म्हणता, दुःख ताजं आहे म्हणून सुचतंय, चार महिन्यांत ओसरेल. तिला वाटतं, दुःख एवढं मोठं आहे म्हणजे त्यातून कला होणारच. केथे कोलविट्झ नावाची जर्मन चित्रकार होती. तिचा धाकटा मुलगा पीटर ऑक्टोबर १९१४ मध्ये बेल्जियमच्या आघाडीवर मारला गेला. त्याचं स्मारक करायचं तिने मनात घेतलं, मध्ये सोडून दिलं, पुन्हा हातात घेतलं. गुडघे टेकलेले आई-बाप, दोघं वेगवेगळे, आपापल्या दुःखात. ते शिल्प बेल्जियममधल्या दफनभूमीत उभं राहिलं १९३२ मध्ये. म्हणजे ओसरलं तर नव्हतंच. आणि मुलगा गेला तेव्हा ती सत्तेचाळीस वर्षांची, नाव झालेली चित्रकार होती. इतका तयार हात, तरी अठरा वर्षं लागली. हे तिला वाचून दाखवा. दुःख तिच्याजवळ आहे, हात अजून व्हायचा आहे.

तो कुठे होतो, ते तुम्हाला ठाऊक असेलच. सयाजीराव विद्यापीठाची फाइन आर्ट्स फॅकल्टी घराजवळ, प्रवेशाला चाचणी. नाहीतर अहमदाबादचं एनआयडी, म्हणजे राष्ट्रीय डिझाइन संस्था, तिची प्रवेश परीक्षा डीएटी. सायन्सची बारावी चालते, तेव्हा बोर्डाची परीक्षा तिने मन लावून द्यायची, त्यात सूट नाही. ‘नीट’साठी एक वर्ष ड्रॉप घेण्याचा विषय यंदा घरात काढू नका. कमाईचं विचारलंत: बेभरवशाची असते. बरेचजण शिकवतात, जाहिरातीत किंवा डिझाइनमध्ये जातात. तुमच्या सहकाऱ्यांनी सुचवलेला तीन महिन्यांचा ऑनलाइन ‘आर्ट थेरपिस्ट’ कोर्स मात्र विसरा. दुसऱ्याच्या मनाला हात घालायचा तर आधी मानसशास्त्र रीतसर शिकावं लागतं.

ती जेवत-झोपत नसेल, बोलेनाशी झाली असेल, तर याच आठवड्यात मानसोपचारतज्ज्ञांकडे न्या. गुण वाढावेत म्हणून नव्हे.

शेवटच्या पानावर तक्रार आहे की तिने एक लुगडं लपवून ठेवलं होतं, आणि रात्री अभ्यासाच्या टेबलावर त्याचे तुकडे करून शिवत बसते. शिवू द्या. टेबल हॉलमध्ये न्या, पलंग परत लावा. धावदोरा तुम्हालाही येत असेल. आई शिवायला बसल्या की सुई ओवून द्यायला घरातलंच एखादं पोर लागायचं. आणि कामाच्या बाईंना विचारून पाहा, एखाद-दोन लुगडी अजून असतील. मागायला संकोच वाटला तर बदल्यात नवी साडी घेऊन जा. एका लुगड्यात गोधडी पुरी होत नाही.