तीन जाड पुस्तकं आणि टी.वाय.ची लेक

प्रश्न: माझी मुलगी टी.वाय.बी.ए.ला आहे, विषय संस्कृत. गाण्याची मध्यमा पूर्ण झाली आहे. सध्या ती तीन प्रकारची इंग्रजी पुस्तकं वाचते. एक क्रियापदाच्या अर्थांवर, एक चित्र-शब्द-हावभाव मिळून संवाद कसा घडतो यावर, आणि एक युरोपातल्या जुन्या संगीतातल्या 'मोड'वर. "आई, तिन्हीकडे एकच गोष्ट चाललीये, मला यातच संशोधन करायचंय," म्हणते. तिचे बाबा म्हणतात, बी.एड. कर, नाहीतर एमपीएससीला बस. यात पोट भरतं का? आणि आठ-दहा हजारांचं एकेक पुस्तक घेऊन द्यायचं का?
एक आई, कोथरूड

उत्तर: ताई, नमस्कार.

पुस्तकांचं आधी सांगते. विकत घेऊ नका. असली पुस्तकं घरातल्या कपाटासाठी निघतच नाहीत, ग्रंथालयांच्या भरवशावर थोड्या प्रती छापतात आणि किंमत तशी लावतात. तिला त्यातली दोन-तीन प्रकरणंच लागणार. डेक्कन कॉलेज, विद्यापीठाचं जयकर ग्रंथालय आणि भांडारकर संस्था, तिन्हीकडे तिने स्वतः जाऊन चौकशी करावी. तुम्ही सोबत जाऊ नका.

आता 'एकच गोष्ट'बद्दल. तिन्ही पुस्तकांत 'मोड', म्हणजे रीत, हा एकच शब्द फिरतो, म्हणून लेक अर्धी बरोबर आहे. 'तो जातो, तू जा, त्याने जावं, तो गेला असता तर' हे स्वार्थ, आज्ञार्थ, विध्यर्थ, संकेतार्थ आपण शाळेत घोकले. क्रिया तीच, बोलणाऱ्याचा पवित्रा वेगळा. फ्रँक पामर यांचं १९८६चं 'मूड अँड मोडॅलिटी' याच प्रश्नाला वाहिलेलं आहे, आणि संस्कृतातले लोट् (आज्ञार्थ), विधिलिङ् (विध्यर्थ) शिकलेल्या मुलीला ते इतरांपेक्षा लवकर उमजेल. चित्र-शब्दांच्या अभ्यासात क्रेस आणि व्हॅन लेवेन यांचं १९९६चं 'रीडिंग इमेजेस' मैलाचा दगड मानतात. आंगिक, वाचिक, आहार्य, सात्त्विक असे चार अभिनय नाट्यशास्त्रात वाचलेल्या मुलीला त्याचं फार नवल वाटू नये. 'मल्टिमोडॅलिटी' नावाने हा विषय हल्ली जाहिरात, ॲप, पाठ्यपुस्तकं सगळीकडे लावतात. कधी नेटका, कधी नुसताच भारदस्त शब्द म्हणून.

खरं कोडं संगीतात आहे. तिला पेटीवर बसवा आणि फक्त पांढऱ्या पट्ट्या वाजवायला सांगा. पांढरी एकला सा धरला की बिलावल थाट (थाट म्हणजे सात स्वरांचा साचा, ज्यात राग बसवतात). पांढरी दोनला काफी, तीनला भैरवी, चारला कल्याण, पाचला खमाज, सहाला असावरी. सातला पंचमच हातात येत नाही. दोन ते पाच या पट्ट्यांवर मध्ययुगीन चर्च-संगीताचे डोरियन, फ्रिजियन, लिडियन, मिक्सोलिडियन उभे आहेत. प्रत्येकाच्या दोन जाती, म्हणून मोड आठ. ग्लारेआनुस या स्विस विद्वानाने १५४७ साली बाझेलला छापलेल्या 'डोडेकाकॉर्डन'मध्ये एक आणि सहा या पट्ट्यांवरचे मोड मिळवून त्यांची संख्या बारा केली. भातखंड्यांच्या दहा थाटांपैकी भैरव, पूर्वी, मारवा, तोडी या हिशेबात बसत नाहीत.

इथवर आलं की पोरं हुरळतात आणि 'डोरियन म्हणजे काफी' असं लिहून मोकळी होतात. तिला विचारा, भीमपलास आणि बागेश्री दोन्ही काफी थाटातले, मग ते एक का नाहीत? तसंच जुन्या मोडचं. शेवटचा स्वर कुठला, गाण्याचा पल्ला किती, पाठ कुठल्या स्वरावर चालतो, याशिवाय नुसत्या पट्ट्यांना अर्थ नाही. मोड म्हणजे सप्तक आणि चाल यांच्या मधलं काहीतरी, हे प्रिन्स्टनच्या हॅरॉल्ड पॉवर्स यांनी नीट मांडलं. कर्नाटक संगीताचा अभ्यास केलेला हा माणूस. भाषाशास्त्राची हत्यारं संगीताला कितपत लागू पडतात यावर त्यांचा १९८०चा एक लेख आहे. आठ हजारांच्या पुस्तकाआधी तिने तो वाचावा.

वाचनाची आवड आणि संशोधनाची आवड या दोन निराळ्या गोष्टी. या सुट्टीत तिला दहा पानं लिहू द्या. विषय मी देते. भातखंड्यांची 'क्रमिक पुस्तक मालिका' घ्यायची, एक राग निवडायचा, त्यातल्या बंदिशींत आज्ञार्थी क्रियापदं कुठे येतात आणि समेवर (तालाच्या पहिल्या मात्रेवर) कुठला शब्द पडतो याचा तक्ता करायचा. व्याकरण आणि गाणं दोन्ही आलं. चाळीस बंदिशी झाल्यावर कंटाळली नाही तर मुलगी या वाटेची आहे. तिसऱ्या दिवशी तक्ता टेबलावरच राहिला, तर ती रसिक वाचक आहे आणि त्यात कमीपणा काही नाही.

टिकली तर येरवड्याच्या डेक्कन कॉलेजात एम.ए. भाषाशास्त्र, असं माझं मत. संवादशास्त्र नको, ते नंतरही जोडता येतं. युरोपीय जुनं संगीत आत्ताच नको. विद्यापीठाच्या ललित कला केंद्रात भर सादरीकरणावर आहे, तिचा प्रश्न तिथे सुटणार नाही. गाणं मात्र सोडायचं नाही, विशारद करायची. असल्या विषयात स्वतः गाता येणं हीच तिची खरी पुंजी.

पोटाचं. महाराष्ट्रात प्राध्यापकाच्या कायम जागा कमी आहेत, तासिका तत्त्वावर वर्षं काढणारे तुमच्याही ओळखीत असतील. ते लपवून सल्ला देणार नाही. पण नेट (प्राध्यापकीची पात्रता परीक्षा) देताना जेआरएफ (संशोधनाची शिष्यवृत्ती) मिळाली तर २०२३पासून पहिली दोन वर्षं महिना ३७,००० रुपये आणि वर घरभाडं मिळतं, नंतर ४२,०००. भाषाशास्त्र केलेल्यांना भाषा-तंत्रज्ञानात काम असतं, इथे पुण्यातच सी-डॅक ही सरकारी संगणक-संशोधन संस्था आहे. शिवाय परदेशी प्रकाशकांसाठी संपादन आणि सूची करून देणाऱ्या कंपन्याही शहरात आहेत. पगार सुरुवातीला बेताचा, पण तिला आवडतात तीच पुस्तकं तिथे रोज हातात येतात.

बाबांना सांगा, बी.एड. पळून जात नाही, एम.ए.नंतरही करता येतं. एमपीएससीचं मात्र तिला मनापासून वाटत असेल तरच, 'बघू दोन वर्षं' म्हणून नको.

युरोपचं दार जर्मनने उघडतं, थोडी लॅटिनही लागते. बहुतेक सरकारी जर्मन विद्यापीठांत शिकवणी फी नसते (बाडेन-वुर्टेम्बर्ग राज्यात परदेशी विद्यार्थ्यांना सहामाही १,५०० युरो), पण व्हिसासाठी वर्षाच्या खर्चाचे पैसे खात्यात दाखवावे लागतात. सप्टेंबर २०२४पासून ती रक्कम ११,९०४ युरो आहे. म्हणून तो निर्णय एम.ए.च्या दुसऱ्या वर्षी घ्या. बोट क्लब रोडच्या मॅक्सम्युलर भवनात किंवा विद्यापीठाच्या रानडे इन्स्टिट्यूटमधल्या वर्गात नाव मात्र यंदाच घाला. पुस्तकांचे वाचलेले पैसे तिथे कामी येतील.