सिरियल केली म्हणून ॲक्टर संपतो का?

प्रश्न: ताई, मी कुडाळचा, सरकारी ऑफिसात क्लार्क. राज्य नाट्य स्पर्धेत काम करतो. आता एका सिरियलसाठी विचारणा झालीय, पण ग्रुपातले सीनियर म्हणतात सिरियल केलीस की ॲक्टिंगची वाट लागली, सिनेमावाले मग दारात उभं करत नाहीत. आणि दुसरं, 'परफेक्ट डेज' बघितला, त्यातले ते संडास साफ करणारे जपानी काका डोक्यातून जातच नाहीत. कोण आहेत ते, नवीन आहेत का?

उत्तर: नवीन कसले हो! ते कोजी याकुशो, जन्म १९५६चा, नागासाकीकडच्या इसाहायाचे. आणि तुम्हाला मुद्दाम सांगते, हा माणूसपण तुमच्यासारखाच ऑफिसातला, टोकियोत चियोदा वॉर्डच्या ऑफिसात नोकरीला होता. तिथे असताना तात्सुया नाकादाई या मोठ्या नटाचं नाटक बघितलं आणि मन फिरलं ते फिरलंच, नाकादाईंच्याच 'मुमेइजुकु' या अभिनयशाळेत जाऊन दाखल झाले.

आता तुमच्या सीनियरांचा मुद्दा. याकुशोंना लोक ओळखायला लागले तेच टीव्हीमुळे. जपानात एनएचके या सरकारी वाहिनीची ऐतिहासिक मालिका दर रविवारी, वर्षभर चालते, १९८३ साली त्यात 'तोकुगावा इएयासु' होती आणि त्यात ओदा नोबुनागा या जुन्या काळच्या सरदाराची भूमिका याकुशोंनी केली. नंतरही टीव्हीवर तलवारबाजीच्या मालिका केल्याच. मग १९९६चा 'शॅल वी डान्स', त्यात लोकलच्या खिडकीतून डान्स क्लास बघणारा घुसमटलेला नोकरदार माणूस, लगेच १९९७ला 'द ईल', त्याला फ्रान्सच्या कान चित्रपट महोत्सवातलं सर्वोच्च बक्षीस, पाम द'ओर, विभागून मिळालं, आणि त्याच वर्षी 'क्युअर'. वाट लागली म्हणायची ती हीच का?

'परफेक्ट डेज'साठी कानला बेस्ट ॲक्टर मिळालं ते २०२३ला, म्हणजे नोबुनागानंतर चाळीस वर्षांनी. त्यात ते कमोडच्या खालची बाजू दिसावी म्हणून छोटा आरसा धरून बघतात ना, तो सीन परत बघा. चेहऱ्यावर काही 'दाखवत' नाहीत, नुसतं काम करतात, तरी आपण बघत बसतो. आणि शेवटी गाडी चालवताना कॅमेरा तोंडावरून हलत नाही, हसू येतंय आणि डोळे भरतायत, डायलॉग एक नाही. एवढा वेळ फक्त चेहऱ्यावर शॉट पेलायला कॅमेऱ्यासमोर आयुष्य घालवावं लागतं, आणि ती सवय सिरियलमध्येच रोज लागते असं माझं स्पष्ट मत आहे.

आपल्याकडे दशावतारातले कलाकार दिवसा शेतात आणि रात्री राजा होऊन उभे राहतातच की, कोण म्हणतं त्यांना कमी?

तेव्हा सिरियल घ्या. नोकरी मात्र लगेच सोडू नका, आधी रजेचं बघा, शूटिंगच्या तारखा लेखी मागा आणि घरच्यांशी बोला. आणि आता 'शॅल वी डान्स' बघा, ऑफिसातल्या माणसाला तो जास्त कळेल. 'क्युअर' नंतर, तो अंगावर येतो.