'ताइताइ वान्सुइ' (1947) या चिनी कॉमेडीत बायको शेवटी घटस्फोट का घेत नाही? इतका मागासलेला शेवट का?

मागासलेला म्हणालात म्हणून लिहितेय, नाहीतर मी इथे नुसती वाचून जाते.

शांघायची ही सून स्सुझेन दिवसभर थापा मारते. मोलकरणीच्या हातून वाडगा फुटला तर सासूला कळू नये म्हणून तुकडे लपवते, नवऱ्याला धंद्याला पैसे हवेत म्हणून आपल्याच चिकट वडलांना सांगते की सासूकडे सोनं आहे. लोक हसतात. मला काही हसू आलं नाही.

आमच्या ह्यांची नोकरी गेली तेव्हा सासूबाईंची बायपास नुकतीच झालेली. मी सांगून टाकलं, कंपनीने घरून काम दिलंय. हे रोज सकाळी लॅपटॉप उघडून बसायचे, मी चहा नेऊन द्यायचे आणि वर सासूबाईंना 'मीटिंग चालूय, टीव्ही बारीक करा'. भिशी लागली तेव्हा ते पैसे ह्यांचा पगार म्हणून त्यांच्या हातात ठेवले. सगळं सुरळीत चाललं होतं, आणि गौरी जेवणाच्या दिवशी मोठ्या जाऊबाईंनी भर पंगतीत फोडलं, वर मलाच दुतोंडी म्हणाल्या! हे खाली मान घालून वरणभात कालवत बसले. अजून म्हणतात, वहिनी तत्त्वाने बरोबर होती. तत्त्वावर मेडिकलवाला गोळ्या देतो का?

हा सिनेमा आयलीन चांग या चिनी लेखिकेने लिहिलाय, दिग्दर्शक सांग हू. डाव्या समीक्षकांनी तेव्हा झोडपला होता, देशात यादवी पेटलीय आणि ह्यांना घरातल्या कुरबुरी सुचतायत म्हणून. जाऊबाई सगळीकडे असतात.

हां, घटस्फोट. कायद्याची अडचण नव्हती, 1931 पासून तिकडे सोय होती आणि ती वकिलाच्या ऑफिसपर्यंत जातेही. नवरा पैसा आल्यावर शी मीमी नावाच्या बाईच्या नादी लागतो, त्या लफड्यातून त्याला सोडवते पण हीच. मग एवढं रेटून उभं केलेलं घर तिनेच का सोडायचं? माझं तरी हेच मत आहे, पटत नसेल तर राहू दे. अर्थात कुणाचा नवरा हात उचलत असेल तर माझं काही ऐकू नका, सरळ वकील गाठा.

शेवटचा कॅफेतला सीन नीट बघा, मीमी दुसऱ्या बकऱ्यावर तेच जुने डायलॉग मारत असते. ह्यांना शेजारी बसवून दाखवला. जाऊबाईंनाही लिंक पाठवलीय, ब्लू टिक आलीय.