दुसरी गोळी किती वाजता घ्यायची?

प्रश्न : माझे वडील ७४ वर्षांचे आहेत. हृदय अशक्त झाल्यामुळे गेले आठ महिने त्यांना फ्युरोसेमाइड ही लघवी वाढवणारी ४० मिलिग्रॅमची गोळी दिवसातून दोनदा सुरू आहे. एक सकाळी आणि एक रात्री जेवण झाल्यावर. रात्री चार-पाच वेळा उठावं लागतं. मागच्या आठवड्यात अंधारात अडखळले, पडता पडता वाचले. बाहेर जायचं असलं की ते गोळी घेतच नाहीत. ‘ही गोळी किडनीला राबवून घेते, एक दिवस किडनी बंद पडेल,’ असं त्यांच्या मनात बसलंय. हे खरं आहे का?

उत्तर : किडनीचं नंतर सांगते, आधी ती रात्रीची गोळी. तुमच्या पत्रात मला सगळ्यात जास्त काळजी वाटली ती त्या अडखळण्याची. या वयात रात्री पडून खुब्याचं हाड मोडणं किती महागात जातं, ते मी फार वेळा पाहिलंय. फ्युरोसेमाइड पोटात गेल्यावर अर्ध्या ते एका तासात लघवी वाढते, पहिल्या दोन तासांत जोर सर्वांत जास्त असतो आणि साधारण सहा ते आठ तासांत परिणाम ओसरतो. म्हणजे नऊला घेतलेली गोळी त्यांना पहाटेपर्यंत झोपू देणार नाही. ‘दिवसातून दोनदा’ म्हटलं की आपण सकाळ-रात्र असंच धरतो, आणि आम्ही डॉक्टरही चिठ्ठीवर वेळ लिहायची विसरतो. दुसरी गोळी दुपारी दोन-तीनच्या सुमारास घेतली तर चालेल का, एवढंच त्यांच्या डॉक्टरांना फोन करून विचारा. बहुतेक जण लगेच हो म्हणतील.

आता किडनी. माझ्याकडे येणाऱ्या प्रत्येक पेशंटला मी चिठ्ठीच्या मागच्या कोऱ्या बाजूवर केसात घालायच्या आकड्यासारखी एक नळी काढून दाखवते. वरून खाली जाणारी, वळणारी आणि पुन्हा वर येणारी. जर्मन शरीरशास्त्रज्ञ याकोब हेन्ले यांनी १८६२ मध्ये तिचं वर्णन केलं, म्हणून तो हेन्लेचा लूप. अशा लाखो नळ्या आपल्या किडन्यांत आहेत. दिवसभरात किडन्या रक्तातून सुमारे १८० लिटर द्रव गाळतात, पण लघवी होते दीड-दोन लिटर. बाकी सगळं या नळ्या परत शोषून घेतात. गाळलेल्या मिठातलं पाव भाग मीठ परत ओढलं जातं ते लूपच्या वर येणाऱ्या जाड भागात. तिथल्या पेशींवर एक वाहक बसलेला असतो. तो एक सोडियम, एक पोटॅशियम आणि दोन क्लोराइड असे चार जण एकत्र उचलून आत घेतो. फ्युरोसेमाइड नेमकं त्यातल्या क्लोराइडच्या जागेवर जाऊन बसतं. वाहक अडकला, मीठ नळीतच राहिलं. पुढे पाणी शोषून घ्यायला किडनीच्या आतल्या भागात जो खारटपणा लागतो, तो याच मिठामुळे तयार होतो. आता तोही कमी होतो, म्हणून मिठाबरोबर पाणीही लघवीवाटे निघून जातं.

म्हणजे बाबांना सांगा, गोळी किडनीला राबवत नाही. उलट मीठ ओढायचं काम हेच त्या भागाचं सगळ्यात कष्टाचं काम असतं आणि गोळी नेमकं तेच थांबवते. धोका वेगळा आहे. अंगातलं पाणी गरजेपेक्षा जास्त निघून गेलं तर किडनीला रक्त कमी पडतं आणि क्रिएटिनिन, म्हणजे किडनीने बाहेर टाकायचा रक्तातला टाकाऊ पदार्थ, चढतं. म्हणून गोळी सुरू केल्यावर किंवा डोस बदलल्यावर एक-दोन आठवड्यांत क्रिएटिनिन, सोडियम आणि पोटॅशियम तपासायचं असतं. तुमच्या पत्रात रक्त तपासल्याचा उल्लेख नाही. आठ महिन्यांत झालं नसेल तर या आठवड्यात करून घ्या. पोटऱ्यांत गोळे येणं, फार थकवा, छातीत धडधड ही पोटॅशियम उतरल्याची खूण असू शकते. हृदयासाठी डिगॉक्सिन नावाची गोळी सुरू असेल तर ते आणखी गंभीर.

गोळी चुकवण्याबद्दल थोडं सविस्तर लिहिते, कारण यातूनच लोक पुन्हा भरती होतात. गोळीचा परिणाम ओसरला की किडनी गेलेलं मीठ भरून काढायला बसते आणि मिळेल तेवढं धरून ठेवते. त्या वेळी जेवणात मीठ जास्त असलं तर दुपारी गेलेलं पाणी रात्री परत येतं. दोन दिवस गोळी चुकली की पायांवर बोट दाबून खळगा पडायला लागतो, तिसऱ्या दिवशी आडवं झाल्यावर धाप लागते. बाहेर जायचं असेल तर गोळी घरी परतल्यावर घेता येते. वेळ सरकवावी, दिवस सोडू नये. अर्धी गोळी घेऊन भागवायचा प्रयत्नही करू नका. हे औषध रक्तातून नळीत उतरून आतल्या बाजूने काम करतं, आणि तिथे ठरावीक प्रमाणात पोहोचलं नाही तर काहीच होत नाही. अर्ध्या गोळीने अर्धी लघवी होत नाही, कधी कधी अजिबातच वाढत नाही. त्यात सूज वाढली की आतड्यांनाही सूज येते आणि गोळी हळूहळू, अपुरी शोषली जाते. ‘गोळी लागूच पडत नाही’ असं सांगत लोक येतात तेव्हा बऱ्याचदा हेच झालेलं असतं. शिरेतून इंजेक्शन दिलं की पाच-दहा मिनिटांत लघवी सुरू होते आणि तासाभरात माणूस उशीला टेकून बोलायला लागतो. ते पाहताना मला आजही तितकंच बरं वाटतं.

माझे एक पेशंट, निवृत्त शिक्षक, भिंतीवरच्या कॅलेंडरच्या प्रत्येक चौकोनात रोजचं वजन पेन्सिलीने लिहितात. सकाळी उठल्यावर लघवी करून, काही खाण्याआधी, तशाच हलक्या कपड्यांत. एकदा तीन दिवसांत आकडा ६१ वरून ६३.५ वर गेला. पायाला सूज नव्हती, धापही नव्हती. पण त्यांनी फोन केला. डोस चार दिवस वाढवला आणि भरती टळली. बाबांसाठी वजनकाटा आणा. तीन दिवसांत दोन किलोपेक्षा जास्त वाढ झाली की डॉक्टरांना कळवा. उलटी-जुलाब झाले, उभं राहिल्यावर डोळ्यांपुढे अंधारी आली, तरीही कळवा, कारण तेव्हा गोळी काही दिवस थांबवावी लागू शकते. आणि गुडघेदुखीसाठी आयबुप्रोफेन किंवा डायक्लोफिनॅक मनाने घेऊ देऊ नका. या गोळ्या फ्युरोसेमाइडचा जोर कमी करतात आणि किडनीलाही अपाय करतात.

प्रश्न : पत्नी ५८ वर्षांची, ब्लडप्रेशरसाठी अॅम्लोडिपिन १० मिलिग्रॅम घेते. संध्याकाळी दोन्ही घोटे सुजतात. आईची फ्युरोसेमाइड घरात आहेच, ती द्यावी का?

उत्तर : देऊ नका. ही सूज बहुधा अॅम्लोडिपिनचीच आहे. ते बारीक धमन्या सैल करतं, त्यामुळे केशवाहिन्यांतला दाब वाढून पाणी बाहेर झिरपतं. अंगात मीठ साठल्यामुळे ही सूज आलेली नसते, म्हणून लघवीच्या गोळीने ती फारशी उतरत नाही. पोटॅशियम मात्र उतरतं. डॉक्टर डोस कमी करतील किंवा दुसऱ्या गटातली गोळी जोडतील. मात्र एकच पाय सुजला आणि दुखत असेल तर थांबू नका. शिरेत रक्ताची गुठळी असू शकते, त्याच दिवशी दाखवा. सकाळी उठल्यावर चेहरा, पापण्या सुजत असतील आणि लघवीला फेस येत असेल तर लघवीतलं प्रथिन तपासा. तसं निघालं तर फ्युरोसेमाइडची खरंच गरज पडू शकते, पण ती तपासणीनंतर.

प्रश्न : फ्युरोसेमाइड ४० बदलून टॉर्सेमाइड २० दिलं. माझा डोस निम्मा केला का?

उत्तर : नाही. ताकद जवळपास तेवढीच आहे. टॉर्सेमाइड हेही लघवी वाढवणारंच औषध, पण ते पोटातून जास्त आणि एकसारखं शोषलं जातं. फ्युरोसेमाइडचं शोषण सरासरी निम्मं असतं आणि माणसागणिक बदलतं. टॉर्सेमाइडने आयुष्य वाढतं का, हे अमेरिकेत हृदय अशक्त असलेल्या २,८०० हून अधिक रुग्णांवर पाहिलं गेलं. २०२३ मध्ये आलेल्या निष्कर्षात मृत्यूंच्या प्रमाणात फरक दिसला नाही. त्यामुळे आधीची गोळी वाईट होती असं मनात आणू नका. फक्त जुन्या गोळ्यांची उरलेली पट्टी आजच औषधांच्या डब्यातून बाहेर काढा. नव्या चिठ्ठीबरोबर जुनी गोळीही सुरू ठेवलेल्या एक आजी माझ्याकडे आल्या होत्या, चक्कर येऊन, जीभ कोरडी पडलेली, रक्तदाब ८० वर. दोन्ही पट्ट्या त्यांच्या पिशवीतच होत्या.